चिखलाखाली ब्लिंकरला रात्रच वाटते



या पानावर आपण एरवी मेथी-कोथिंबिरीचे भाव, पालकावरची अळी, पाण्याच्या पाळ्या असलंच बोलतो. आजची नोंद रस्त्याची आहे, पण तीही शेतीचीच म्हणा. माल कितीही चांगला पिकवला तरी तो बाजारात जातो रात्रीच्या अंधारातूनच. गुलटेकडीच्या मार्केट यार्डात पहाटे माल लागायचा तर आमच्याकडून रात्री दोन-अडीचला निघावं लागतं. पानशेत-वेल्ह्याकडचा माणूस त्याच्याही आधी निघतो. उसाची ट्रॉली तर रात्रभर रस्त्यावरच असते. ज्या वेळेला ड्रायव्हर लोकांचे डोळे सगळ्यात जड झालेले असतात, नेमके त्याच वेळेला आपण शेतकरी रस्त्यावर असतो.

धायरीत शेती करतो म्हटलं की लोक हसतात. २०१७ साली उरलीसुरली धायरीही महापालिकेत गेली. फाट्यापासून आत टॉवरच टॉवर झाले. तरी कालव्याच्या अंगाला आमच्यासारख्या काहींची गुंठ्यांत मोजायची का होईना, जमीन शिल्लक आहे. आणि शहराच्या कडेचा अंधार हा खेड्यातल्या अंधारापेक्षा वाईट असतो. खेड्यात डोळे अंधाराला सरावलेले असतात. इथं लखलखीत दिव्यांच्या रस्त्यावरून वळलं की एकदम काळोख. डोळा अंधाराला पुरता सरावायला वीस-तीस मिनिटं लागतात. आमची अंधारी वाट दोन मिनिटांची. म्हणजे ती पूर्ण वाट माणूस निम्मा आंधळा होऊनच पार करतो.

हा विषय माझ्या डोक्यात शिरला तो चुलत भावामुळे. चार वर्षं झाली. बहिणीकडून मोटरसायकलवर परत येत होता, नीरेच्या अलीकडे, रात्री साडेअकरा. पुढे उसाची ट्रॉली पंक्चर होऊन रस्त्याकडेला उभी. निम्मी डांबरीवर, निम्मी साईडपट्टीवर. समोरून येणाऱ्या ट्रकचा लाईट डोळ्यावर आला आणि तो गेल्या गेल्या हा ट्रॉलीवर. जीव वाचला. मांडीत रॉड आहे, गुडघा पुरता वाकत नाही. त्याला आता वाफ्यात उकिडवं बसता येत नाही आणि म्हशीखालीही बसता येत नाही. भाजीवाल्याचे गुडघे गेले की त्याची निम्मी शेती गेलीच म्हणायची.

दुसऱ्या दिवशी आम्ही ती ट्रॉली बघायला गेलो. मला वाटलं होतं मागे काही लावलेलंच नसेल. तर तसं नव्हतं. फाळक्यावर लाल पट्टी होती, चांगली रुंद. पण उसाचं वाढं मागे हातभर लोंबत होतं, आणि पट्टी त्याच्या आड. टेल लॅम्पही आड. मालकानं नियम पाळला होता आणि तरीही ट्रॉली रात्री कुणाला दिसत नव्हती. तेव्हापासून मी नुसतं “रिफ्लेक्टर लावा” म्हणणं सोडलं. लावलेला रिफ्लेक्टर रात्री दोन वाजता दिसतो का, एवढंच मी विचारतो.

आधी हिशेब बघू, कारण हिशेबाशिवाय आपल्याला पटत नाही. ताशी ६० किलोमीटर म्हणजे सेकंदाला जवळजवळ १७ मीटर. समोर काहीतरी आहे हे दिसणं, ते काय आहे हे कळणं आणि पाय ब्रेकवर जाणं, याला इंडियन रोड्स काँग्रेस अडीच सेकंद धरते. म्हणजे ब्रेक लागायच्या आतच ४२ मीटर गेले. त्यापुढे गाडी थांबायला साधारण तेवढेच आणखी. म्हणून ६० च्या वेगाला किमान ८० मीटर पुढचं दिसायला पाहिजे असा त्यांचा दंडक आहे, आणि ८० च्या वेगाला १२० मीटर. आता डिपरवर असलेल्या हेडलाइटमध्ये काळपट वस्तू, म्हणजे चिखलानं माखलेली ट्रॉली, काळी म्हैस, घोंगडं पांघरलेला माणूस, ही साधारण ४०-५० मीटरवर आल्यावर दिसते. पाहिजेत ८० आणि दिसतं ४०. मधले जे ४० मीटर आहेत, तिथं माझ्या भावाचा गुडघा गेला. कुणाचा जीव जातो. २०२२ या एका वर्षात देशात रस्त्यावर १,६८,४९१ माणसं गेली. ती सगळी काही अंधारानं गेली नाहीत. पण अंधाराचा जो वाटा आहे, तो कमी करायला रस्ता रुंद करावा लागत नाही की पूल बांधावा लागत नाही. हे ४० मीटर भरून काढायचे, बस.

रिफ्लेक्टर तेच करतो. चांगला आणि स्वच्छ रिफ्लेक्टर दोनशे मीटरच्या पुढूनही दिसतो.

आपल्याकडे याला “रेडियम” म्हणतात. दुकानात जाऊन आपण रेडियमची पट्टीच मागतो. नाव जुन्या घड्याळांवरून आलं. त्यांच्या काट्यांना खरंच रेडियम मिसळलेला रंग असायचा आणि तो अंधारात आपला आपण चमकायचा. आपल्या पट्टीत रेडियम नसतं आणि ती आपली आपण चमकतही नाही. ती फक्त आलेला उजेड, ज्यानं पाठवला त्याच्याकडे परत पाठवते. हा फरक नीट लक्षात घ्या, पुढचं सगळं त्यावर आहे.

आरशावर बॅटरी मारली तर उजेड भलतीकडे जातो. रिफ्लेक्टरमध्ये तीन छोटे आरसे कोपऱ्यासारखे जोडलेले असतात, किंवा बारीक काचमणी असतात. कोपऱ्यात चेंडू मारला की तो भिंतीभिंतीवर आपटून परत आपल्याच अंगावर येतो ना, तसं. रात्रीच्या लाईटवर पाणी द्यायला गेलेल्यांनी हे रोज बघितलंय. बॅटरीच्या झोतात बांधावर दोन हिरवट ठिपके चमकतात. कधी मांजर, कधी कोल्हा, आणि सिंहगडाच्या पायथ्याच्या माणसाला विचारा, कधी बिबट्या. त्यांच्या डोळ्याच्या मागच्या पडद्यावर तशीच व्यवस्था असते.

इंग्लंडात हॅलिफॅक्सच्या पर्सी शॉ नावाच्या माणसानं रस्त्यात बसवायचा असाच डोळा केला. १९३४ साली पेटंट घेतलं, १९३५ ला कारखाना काढला. नावही मांजराच्या डोळ्यावरूनच पडलं, कॅट्स आय. पुढे दुसऱ्या महायुद्धात बॉम्बच्या भीतीनं तिकडं दिवे बंद ठेवायचे आणि गाड्यांचे हेडलाइट झाकायचे, तेव्हा त्याची किंमत लोकांना कळली. पण मला त्या माणसाची दुसरीच गोष्ट आवडली. त्यानं काच रबरात बसवली आणि खाली पावसाचं पाणी साठायला जागा ठेवली. गाडीचं चाक वरून गेलं की रबर दबायचं आणि काच आपोआप पुसली जायची. नव्वद वर्षांपूर्वी त्या माणसाला कळलं होतं की डोळा बनवणं सोपं आहे, तो स्वच्छ ठेवणं अवघड. आपण आज बाजारातून आणतो त्यात बाकी सगळं आहे, पुसायची सोय नाही.

आता पावसाळ्याचं. तुम्ही म्हणाल, रस्त्यावर पांढरे पट्टे आहेत की. आहेत. त्या रंगातही काचमणी मिसळलेले असतात, म्हणून कोरड्या रात्री पट्टा उजळतो. पण पावसात त्यावर पाण्याचा थर बसतो, मणी बुडतात, उजेड पाण्यावरूनच पुढं निसटतो आणि पट्टा गायब होतो. ज्या रात्री पट्टा सगळ्यात जास्त लागतो त्याच रात्री तो दिसत नाही. रस्त्यातून बोटभर वर आलेला रिफ्लेक्टर पाण्याच्या वर राहतो, म्हणून तो दिसतो. त्यांचे रंगही ठरलेले आहेत. लेन दाखवायला पांढरा, डाव्या कडेला लाल, उजवीकडे दुभाजकाच्या बाजूला पिवळा, आणि जिथून बाहेर पडता येतं तिथं हिरवा. धुक्यात वा पावसात काहीच कळेना झालं तर एवढं लक्षात ठेवा. लाल आपल्या डावीकडे राहिला पाहिजे, त्याच्या पलीकडे जायचं नाही.

आता ज्यासाठी ही नोंद लिहायला घेतली, ते सौर ब्लिंकर. उजेड ओळखणारे रिफ्लेक्टर.

साध्या रिफ्लेक्टरची एक अडचण आहे. हेडलाइट त्याच्यावर पडला तरच तो दिसतो. वळणाच्या पलीकडे, चढाच्या टोकाला झोत पोचतच नाही. आणि सायकलवाल्याला किंवा पायी चालणाऱ्याला त्याचा काहीच उपयोग नाही. ब्लिंकरचं तसं नसतं. वरच्या बाजूला तळहाताएवढं सोलर पॅनल, आत छोटी बॅटरी, बाजूला एलईडी. दिवस मावळला हे त्याला आपलं आपण कळतं. काहींत उजेडानुसार विरोध बदलणारा सेन्सर असतो. बऱ्याच साध्या नगांत वेगळा सेन्सरही नसतो. पॅनलकडून येणारा दाब कमी झाला की सर्किट समजतं, संध्याकाळ झाली, दिवा लावा.

हे आपल्याला नवीन नाही. कीड पकडायचा सौर प्रकाश सापळा तिन्हीसांजेला आपोआप लागतो, तीच युक्ती. शेवंतीवाल्यांना तर हे आणखी चांगलं कळेल. शेवंती दिवस लहान झाला हे ओळखते आणि मग कळी धरते. म्हणून फूल पुढं ढकलायचं असेल तर आपण रात्री शेतात बल्ब लावून तिला फसवतो. आता ही फसवायची गोष्ट ध्यानात ठेवा, कारण ब्लिंकरही असाच फसतो.

झालं असं की भावाच्या अपघातानंतर आमच्या पोरांनी मनावर घेतलं. गणपतीच्या वर्गणीतले पैसे शिल्लक होते. कालव्याकडच्या वळणावर ब्लिंकर बसवू म्हणाले. मी म्हणालो, रस्ता आपला नाही, परस्पर भोकं पाडता येणार नाहीत. आणि आपल्याला अजून हे माहीतही नाही की ते टिकतात का. बियाणं नवीन असलं की आपण आधी दोन सऱ्यांवर लावून बघतो, मग एकरावर. तसंच करू. आमच्या सामाईक वाटेवर एक मोरी आहे, कठडा पडलेला. ती वाट आमच्याच जमिनीतून जाते. तिथं मोरीच्या दोन्ही अंगांना दोन-दोन असे चार ब्लिंकर बसवले. काँक्रीटमध्ये भोक पाडून, इपॉक्सी भरून. बाजारात मिळणारे साधे, स्वस्तातले नग.

एका अंगाचे दोन दर रविवारी धुवायचे, दुसऱ्या अंगाचे दोन तसेच ठेवायचे, असं ठरवलं. चार नगांवर शास्त्र होत नाही हे आपल्या कृषी अधिकारी मंडळींना मी सांगायला नको. पण जे दिसलं ते वहीत लिहिलं, ते असं.

मे महिना: चारही सातच्या सुमारास लागले, पहाटे उजाडेपर्यंत जळले. पोरं खूश. आबा मात्र म्हणाले, “उन्हाळ्यात सगळ्याच विहिरी गोड. पाऊस पडू दे.”

जून अखेर: पहिला मोठा पाऊस. ट्रॅक्टर शेतातून वर आला की चाकाचा चिखल मोरीवर झडतो. न धुतलेल्या दोन नगांवर चिखलाचा थर बसला. दोन दिवसांनी रात्री बघितलं तर दोन्ही बंद. बॅटरी गेली समजून एक पुसायला घेतला तर भरदुपारी चिखलाखाली तो लुकलुकत होता, अगदी मंद. तेव्हा डोक्यात उजेड पडला. चिखल बसला की त्याला वाटतं रात्र झाली. मग तो दिवसा चिखलाखाली जळत राहतो. ऊन मिळत नाही, म्हणजे भरणी नाही, वर खर्च चालूच. रात्री जेव्हा खरंच गरज असते तेव्हा डबा रिकामा.

जुलै: आठ-आठ दिवस सूर्य नाही. धुतलेले दोनही रात्री तीनच्या आसपास मंदावले. म्हणजे नेमकं आमची भाजी निघायच्या वेळेला. संध्याकाळी सातला बघून “चालू आहे” म्हणण्यात अर्थ नाही. हा दिवा बघायचा तर पहाटे तीनला बघा.

ऑगस्ट: धुतलेल्यांपैकी एक लागेचना. बॅटरी चांगली, पॅनल स्वच्छ. शेवटी कळलं की शेजारच्या शेडवर नवीन हॅलोजन लावला होता आणि त्याचा झोत थेट पॅनलवर येत होता. ब्लिंकरला वाटत होतं अजून दिवसच आहे. शेवंतीसारखीच फसगत. हॅलोजनचं तोंड फिरवलं, दिवा लागला. याच महिन्यात न धुतलेल्यांपैकी एकात पाणी शिरलं आणि तो कायमचा गेला.

नोव्हेंबर: पाऊस संपला, आकाश निवळलं. धुतलेले दोन पुन्हा रात्रभर. न धुतलेला उरलेला एक धुऊन काढला, दोन दिवस ऊन खाल्लं आणि तोही लागला. म्हणजे बिघडला नव्हता, उपाशी होता.

आणखी एक गोष्ट, माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची. या नगांच्या दोन्ही तोंडांना एलईडीच्या शेजारी साधा प्रिझमचा रिफ्लेक्टरही होता. जुलैत दिवा मंदावलेला असतानाही अंगठ्यानं तेवढा भाग पुसला की पिकअपच्या लाईटमध्ये तो झकास उजळायचा. त्याला बॅटरी नाही, सेन्सर नाही, ऊन नको. म्हणून घ्यायचाच असेल तर असा घ्या ज्यात दिवाही आहे आणि प्रिझमही. नुसत्या दिव्याचा घेऊ नका.

तर मग ब्लिंकर वाईट का? अजिबात नाही. दुभाजकाचं टोक, आंधळं वळण, मोरीचा पडका कठडा, शाळेपुढचा झेब्रा पट्टा, अशा जागी तो साध्या रिफ्लेक्टरला न जमणारं काम करतो. पण ते आंब्याचं झाड नव्हे, लावलं आणि विसरलं. ती द्राक्षबाग आहे. नुसता लावून भागत नाही, राखावा लागतो. आणि सगळीकडेच लुकलुकवायलाही नको. सलग वाटेवर सगळेच मिचमिचायला लागले तर खरं धोक्याचं ठिकाण कोणतं हेच ड्रायव्हरला कळत नाही.

रिफ्लेक्टरनं सगळं सुटेल असंही माझं म्हणणं नाही. आमच्या शेजारचा नवले पूल सगळ्या महाराष्ट्राला माहीत झालाय. कात्रजच्या नव्या बोगद्यापासून पुलापर्यंत महामार्गाचा लांबलचक उतार आहे. २० नोव्हेंबर २०२२ च्या रात्री तिथं एकाच अपघातात सुमारे ४८ गाड्यांचा चुराडा झाला. त्यानंतर वेगमर्यादा, रम्बलर, फलक असे उपाय झाले, तरी ती जागा अजून धाकाचीच आहे. तिथं दुखणं वेगळं आहे. जड गाडी, लांब उतार, डिझेल वाचवायला न्यूट्रल करून सोडायची सवय, आणि तापून निकामी झालेले ब्रेक. ब्रेकच लागत नसेल तर समोरचं दोनशे मीटरवरून दिसून करायचं काय? करप्याला किडीचं औषध मारून उपयोग नाही. रिफ्लेक्टर हे न दिसण्यावरचं औषध आहे, एवढंच. पण न दिसणं हे आपल्या ट्रॉल्या, गाड्या आणि जनावरांचं दुखणं आहे, आणि ते आपल्या हातातलं आहे.

म्हणून पोरांच्या बैठकीत शेवटी ठरलं ते असं. वळणावर ब्लिंकर बसवायचा अर्ज रीतसर द्यायचा. त्यात नुसतं “बसवा” लिहायचं नाही, “पावसाळ्यात साफ करणार कोण आणि बंद पडला तर बदलणार कोण” हेही विचारायचं. आणि शिल्लक पैशातून चांगल्या प्रतीच्या पट्टीचे रोल आणायचे, दिसेल त्या ट्रॉलीला, गाडीला लावायचे. अर्जाचं म्हणाल तर पाचव्या महिन्यात वळणावर पांढरे पट्टे आणि साधे रिफ्लेक्टर आले. ब्लिंकर अजून नाहीत. साधे आले त्याचं मला वाईट वाटलं नाही. पट्ट्यांचं काम भावानं अंगावर घेतलं. उभं राहून करता येतं ते. आतापर्यंत शंभरावर ट्रॉल्या झाल्या असतील, आणि प्रत्येक मालकाला तो आधी विचारतो, “माल भरल्यावर ही दिसंल का?”

गळीत हंगाम सुरू होताना कारखाने, आरटीओ, पोलीस हे रिफ्लेक्टर लावायच्या मोहिमा घेतात. चांगलंच आहे. पण मोहीम एक दिवसाची आणि हंगाम चार-पाच महिन्यांचा. म्हणून खालचं आपलं आपणच करायचं.

१) मोबाईलची परीक्षा. रात्री ट्रॉलीमागे पन्नास-साठ पावलं जा. मोबाईलचा टॉर्च डोळ्याच्या अगदी शेजारी, कानशिलाला धरून लावा आणि बघा. पट्टी पेटल्यासारखी दिसली तर चांगली. राखाडी दिसली तर मेली, बदला. टॉर्च कमरेजवळ धरून बघू नका, उजेड तिकडेच परत जाईल आणि चांगली पट्टीही खराब वाटेल.

२) रंग. पुढे पांढरी, बाजूला पिवळी, मागे लाल. मागे पांढरी लावली की मागून येणाऱ्याला वाटतं गाडी समोरून येतेय.

३) माल भरल्यावर बघा. ऊस, कडबा, पेंढा मागे लोंबत असेल तर फाळक्यावरची पट्टी मेल्यातच जमा. एका फळीला किंवा जाड कापडाला लाल पट्टी मारून ठेवा आणि भरण झालं की शेवटच्या मोळीला मागून बांधा. दोन ट्रॉल्या असतील तर मागच्या ट्रॉलीला, आणि दोन्हींच्या बाजूंनाही. चौकात वळताना ट्रॉली आडवी होते तेव्हा बाजूच दिसते.

४) लावताना पत्रा घासून, गंज काढून, कोरडा करून लावा. सुटणाऱ्या रंगावर लावलेली पट्टी रंगासकट निघते.

५) धुताना पाणी आणि साबण. डिझेलच्या फडक्यानं पुसू नका. त्याचा तेलकट थर राहतो आणि त्यावर धूळ दुप्पट बसते.

६) बैलगाडीला टेल लॅम्प नसतो, म्हणून तिला जास्त गरज. जुवाला पुढून पांढरी, साटीच्या मागे लाल, बाजूला पिवळी. बैलांच्या गळ्यात पट्टा टाकला तर आणखी चांगलं. दिवाळीनंतर मेंढरं घेऊन कोकणात उतरणारे मेंढपाळ आपल्या शिवारात मुक्कामाला असतात. खतासाठी मेंढरं बसवतो तेव्हा पुढच्या-मागच्या दोन माणसांना चमकणारी जाकिटं द्या. लेंडीखताच्या मानानं ते काहीच नाही.

७) गाडी बंद पडली की आपल्याकडे मागे दगड मांडतात आणि फांदी खोचतात. रात्री दगड काळा आणि हिरवी फांदीही काळीच. लाल त्रिकोण ठेवा, तोही गाडीला चिकटवून नाही, पन्नासएक पावलं मागे. आणि गाडी निघाली की दगड उचला. मालक निघून जातो आणि दगड तसाच राहतो, मग तो दुसऱ्याच्या मोटरसायकलखाली येतो.

८) शेताच्या तोंडाला, डांबरी लागायच्या आधी, चार-पाच मीटर खडीचा पट्टा टाका. ट्रॅक्टरच्या चाकाचा बराचसा चिखल तिथंच झडतो. रस्ता निसरडा होत नाही आणि रस्त्यातले रिफ्लेक्टर बुजत नाहीत.

आणि तुमच्या गावाजवळ सारखे अपघात होणारी जागा असेल तर नुसतं “इथं लई अपघात होतात” म्हणू नका, आकडा द्या. ५०० मीटरच्या टप्प्यात तीन वर्षांत जीवघेणे किंवा गंभीर दुखापतीचे ५ अपघात, किंवा १० मृत्यू झाले असतील तर सरकारी व्याख्येप्रमाणे तो ब्लॅक स्पॉट ठरतो. पोलीस ठाण्यातल्या नोंदी मागा, तारखा लावा, मग अर्ज द्या. राष्ट्रीय महामार्ग असेल तर १०३३ वर फोन करता येतो. गावातला रस्ता कुणाच्या ताब्यात आहे, महापालिका, बांधकाम खातं की जिल्हा परिषद, हे आधी शोधा. चुकीच्या दारात दिलेला अर्ज म्हणजे दुसऱ्याच्या शेतात टाकलेलं खत.

माझं सांगणं इतकंच आहे, मंडळी. उजेड ओळखणारा दिवा आला, चांगली गोष्ट झाली. उद्या आणखी हुशार येतील. पण दिवस मावळला हे ओळखणारं यंत्र स्वतःच्या तोंडावरचा चिखल ओळखत नाही. ते काम माणसाचंच. मोरीवरच्या तीन ब्लिंकरना आणि ट्रॉलीच्या पट्ट्यांना मी आता फवारणीच्या वेळापत्रकात टाकलंय. दर रविवारी पंप धुतला की उरलेली अर्धी बादली त्यांना. लागतात पाच मिनिटं.

हंगाम तोंडावर आहे. आज संध्याकाळी धारा काढून झाल्या, जेवणं उरकली की मोबाईल घ्या आणि आपल्याच ट्रॉलीमागे पन्नास पावलं चालत जा. काय दिसलं ते सांगा. आणि काहीच दिसलं नाही तर सांगत बसू नका, आधी फडकं घ्या.